मंडळाची जन्मतारीख

छोटं राखाडी वर्तुळ अकरा सेकंद फिरलं. एरवी ते चार सेकंदांत थांबायचं आणि मग वेलिकाचा श्वास ऐकू यायचा. आधी श्वास, मग दोन शब्द, मग गाणं. आज वर्तुळ थांबलं तरी पडदा काळाच राहिला आणि त्यावर एक ओळ उमटली: हा व्हिडिओ दाखवता येत नाही, मर्यादित पाहणी चालू आहे.

स्तामेनाने पुन्हा दाबून पाहिलं. पुन्हा अकरा सेकंद, पुन्हा तीच ओळ.

"लागलं का गं?" शेगडीजवळच्या खुर्चीवरून ग्रोझदानाने विचारलं. ती त्र्याऐंशी वर्षांची होती. उजव्या कानाने ऐकू येत नसल्यामुळे ती नेहमी डावा कान स्पीकरकडे करून बसायची.

"नाही, लेल्या. थांब जरा." गावात वयस्कर बाईला लेल्या, म्हणजे मावशी, म्हणत.

"मरून दोन वर्षं झाली, तरी ही बाई वाट बघायला लावतेच," तिन्का म्हणाली आणि तिने पिशवीतून बानित्साचं, चीज भरलेल्या भाजक्या थरांचं, ताट काढून टेबलावर ठेवलं. तिन्का ग्रोझदानाहून चार वर्षांनी लहान होती आणि ही गोष्ट ती कुणाला विसरू देत नसे.

बल्गेरियातल्या त्या गावाच्या वाचनघरात दर गुरुवारी सकाळी तालीम असे. मंडळात एके काळी सात जणी होत्या, आता तिघी उरल्या होत्या. त्यांच्या गाण्यात एकीने वरून हाक घालायची आणि बाकीच्यांनी खाली एकच सूर ओढत राहायचा, अशी रीत होती. हाक घालणारी वेलिका होती, स्तामेनाची सासू. ती गेली आणि वरची जागा रिकामी झाली. तेव्हापासून तिघी जणी वेलिकाच्या जुन्या व्हिडिओंबरोबर गात होत्या. वेलिका स्पीकरमधून हाक घालायची आणि या तिघी खोलीत बसून ओढायच्या. हे बरं नाही, हे तिघींनाही कळत होतं. पण दुसरं काही करायचं तर कुणीतरी तोंड उघडायला हवं होतं.

"इंटरनेट गेलं असेल," तिन्का म्हणाली.

"इंटरनेट आहे. हे बघ, हवामानाचं पान उघडतंय." स्तामेनाने खुर्ची पुढे ओढली. तीस वर्षं तिने दुग्धशाळेच्या प्रयोगशाळेत दह्याची विरजणं तपासली होती. दही बिघडलं की दोष दुधाचा, विरजणाचा, भांड्याचा की उबेचा, हे सगळं एकदम बदलून कधीच कळत नाही. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, बाकीच्या तशाच ठेवायच्या आणि वहीत लिहायचं. तिने वही काढली.

आधी तिने दुसऱ्या ब्राउझरमधून तेच गाणं उघडलं. तीच ओळ आली. मग तिला शाळेची आठवण झाली. वाचनघराला इंटरनेट शेजारच्या शाळेच्या लाइनवरून येतं आणि शाळांच्या लाइनवर मुलांसाठी फिल्टर बसवलेला असतो. तिने आपला मोबाइल त्याच लाइनला जोडला आणि स्वतःच्या खात्यातून व्हिडिओ उघडला.

चार सेकंदांनी वेलिकाचा श्वास ऐकू आला.

आणि श्वासामागून तिचं बोलणं. ते स्तामेनाला पाठ होतं, तरी दर वेळी ऐकताना तिचा हात थांबायचा. "स्तामेना, पोरी, तू डुकराच्या पुढून बाजूला हो. दिसू दे ते. एकशे ऐंशी किलोचं आहे."

ग्रोझदाना हसली. "होतंच एकशे ऐंशीचं. मी धरलं होतं ना मागचे पाय."

नाताळच्या आधी डुक्कर कापायच्या दिवशी वेलिकाच्या अंगणात घेतलेला तो व्हिडिओ. सात बायका, हातात राकियाचे पेले, आणि मागे फळीवर वेलिकाचा अभिमान, अर्धा सोललेला. बर्फावर लाल डाग पडलेले.

"म्हणजे लाइन ठीक आहे," स्तामेना म्हणाली. तिने मोबाइलवर आपलं खातं बंद केलं, मंडळाचं उघडलं आणि पुन्हा तेच गाणं लावलं. पडदा काळा झाला. तिने वहीत लिहिलं: यंत्र नाही, लाइन नाही, खातं.

"म्हणजे मंडळाला स्वतःचंच गाणं बघायला बंदी?" तिन्काने विचारलं.

"रक्त दिसतंय, दारू दिसतेय, म्हणून. पण बंदी मोठ्यांना नसते. मला दाखवलं ना."

खात्याच्या सेटिंगमध्ये ते बटण सापडलं. मर्यादित पाहणी: चालू. तिने बंद करायला बोट लावलं, पण बटण फिकं होतं आणि हलत नव्हतं. खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं, वयामुळे. मग तिने मंडळाची टपालपेटी उघडली. ती कुणीच बघत नसे. सव्वीस दिवसांपूर्वीचं पत्र तिथे पडून होतं; तेव्हापासून हे गाणं त्यांनी लावलंच नव्हतं. स्तामेनाने ते मोठ्याने वाचलं.

"प्रिय गायन मंडळ. तुमचं वय सोळा वर्षं असल्यामुळे काही व्हिडिओ तुम्हाला दिसणार नाहीत. हे खातं प्रौढ व्यक्तीचं असल्यास तीस दिवसांच्या आत ओळखपत्र दाखवा. अन्यथा खातं बंद होईल आणि त्यातले सर्व व्हिडिओ काढून टाकले जातील."

शेगडीतलं लाकूड तडकलं. तिन्काने चष्मा काढून पुसला.

"सोळा वर्षं कुणाचं वय?"

"मंडळाचं," स्तामेना म्हणाली. तिला आता तो दिवस लख्ख आठवत होता. वेलिका याच खुर्चीमागे उभी होती, हातात छडीसारखी पेन्सिल. अर्जात जन्मतारीख विचारली होती. स्तामेना म्हणाली होती, "आई, इथे माणसाची घालायची असते." वेलिका म्हणाली होती, "खातं मंडळाचं आहे ना? मग मंडळाची घाल. मोडलेलं मंडळ आपण पुन्हा उभं केलं, तो इग्नाझदेनच्या सणाचा दिवस. मी यंत्राशीसुद्धा खोटं बोलणार नाही." आणि स्तामेनाने, जिने आयुष्यात चुकीचा आकडा वहीत चढवला नव्हता, तो निमूटपणे चढवला होता. वेलिका मुळीच चुकली नव्हती. फक्त यंत्राला ते कळलं नव्हतं.

"दोन वर्षं थांबलं तर येईल की वयात," तिन्का म्हणाली.

"दोन वर्षांत तूच वयातून जाशील," ग्रोझदाना म्हणाली. मग तिने विचारलं, "किती आहेत त्यात?"

"चौसष्ट गाणी."

"आणि दिवस?"

"चार. रविवारपर्यंत."

रविवार. रविवारी स्पेनमधल्या वालेन्सियाहून बिसेर्काचा, स्तामेनाच्या मुलीचा, फोन येणार होता. ती दोन वर्षं एकच विचारत होती, इकडे राहायला कधी येतेस, आणि स्तामेना दोन वर्षं एकेक उत्तर पुढे ढकलत होती. मिरच्या भाजून होऊ देत. अक्रोड उतरू देत. वर्षश्राद्ध होऊ दे. बिसेर्का रागावत नसे. तिने खोली तयार ठेवली होती. खिडकी दक्षिणेला आहे, आई, तुझी जिरेनियमची झाडं जगतील. गेल्या रविवारी मात्र ती म्हणाली होती, पुढच्या वेळी हो किंवा नाही सांग, म्हणजे मी एकदाच रडून घेईन.

"माझं ओळखपत्र घाल," ग्रोझदाना म्हणाली. "आजन्म चालतं ते."

"तुझ्याकडे मोबाइल कुठे आहे, लेल्या? त्यावर दर वेळी आकडे येतात, ते सांगावे लागतात."

"आणि तुझा आजन्म तो किती," तिन्का म्हणाली. "मग पुन्हा यंत्राला पत्र लिहा, मालकीण वारली म्हणून."

"तुझं घालू मग?"

"मला दुपारी लावलेला दिवा रात्री विझवायचं आठवत नाही. मी चौसष्ट गाणी सांभाळणार?"

यावर दोघीही स्तामेनाकडे बघायचं टाळू लागल्या. तिन्का बानित्साचे तुकडे करू लागली, होते त्याहून लहान. शेवटी ग्रोझदानाच बोलली, शेगडीकडे बघत.

"तू घातलंस तरी चालेल, पोरी. तुला अडकवायला म्हणत नाही. स्पेनमध्ये गेलीस तरी नाव नावच असतं. तिकडून आकडे सांग फोनवर. आम्ही लावू आणि ओढू."

हे तिने अगदी प्रेमाने म्हटलं होतं. स्तामेनाने आपल्या ओळखपत्राचा फोटो काढला. पहिला हलला, दुसरा काढला.

"तोवर आपण नुसतं बसायचं का?" तिन्का म्हणाली. ग्रोझदानाने मान हलवली, आणि स्पीकर बंद असतानाच दोघींनी सूर धरला. खालचा, जाड, लोकरीसारखा. त्या ओढत राहिल्या. जिथे वेलिका श्वास घ्यायची तिथे थांबल्या, जिथे तिची हाक चढायची तिथे सूर जरा घट्ट केला. वरती कुणीच नव्हतं. पण त्या जागा सोडत होत्या, जेवायला न आलेल्या माणसाचं ताट मांडावं तशा.

स्तामेना अर्जात नाव लिहीत होती आणि तिला प्रत्येक रिकामी जागा मोजता येत होती. सहा मात्रा रिकाम्या, मग श्वास, मग चार. ती दुसऱ्या गावाहून सून म्हणून आली होती. तिकडे हाक अशी वर तोडत नाहीत, खाली सोडतात. पस्तीस वर्षं अंगणात मिरच्या ओवताना वेलिका तिला शिकवत होती आणि दुरुस्त करत होती. शेवटच्या उन्हाळ्यात तिने दोरा खाली ठेवला आणि म्हणाली, "तुझी हाक आमच्यासारखी नाहीच. पण हाक आहे." त्याहून मोठं कौतुक वेलिकाने एकशे ऐंशी किलोच्या डुकराखेरीज कुणाचं केलं नव्हतं. स्तामेनाने ते तेव्हापासून तसंच, कुणाला न दाखवता, जपून ठेवलं होतं.

सूर संपला. ग्रोझदाना धापा टाकत होती.

"वरून धरायला काही नसलं की दम लवकर जातो," ती म्हणाली. तक्रार नव्हती, नुसतं निरीक्षण होतं.

"झालं का तुझं?" तिन्का चष्मा लावून पडद्याजवळ वाकली. "नाव आहे. जन्मतारीख आहे, खरीखुरी, माणसाची. आता हे शेवटचं काय विचारतोय?" तिने बोट ठेवून वाचलं. "खातं सांभाळणारी व्यक्ती राहते तो देश."

खाली देशांची लांब यादी उघडली होती. बल्गेरिया वरच होता. त्यांच्या वर्णमालेप्रमाणे स्पेन जरा खाली होता. मधलं अंतर बोटाच्या एका पेराएवढं.

मग ग्रोझदाना हळूच म्हणाली, "स्पेन लिही गं. त्यात काय लपवायचं. आम्ही काही रडत बसणार नाही."

"मी बसेन," तिन्का म्हणाली.

स्तामेनाने खिडकीतून बाहेर पाहिलं. अंगणातल्या अक्रोडाची पानंसुद्धा कधीच गळली होती. पुढे ढकलायला आता काहीच उरलं नव्हतं. तिने यादीतलं वरचं नाव दाबलं, खुर्ची फिरवली आणि दोघींना ऐकू जाईल अशा आवाजात, ग्रोझदानाच्या डाव्या कानाकडे तोंड करून, म्हणाली,

"मी जाणार नाही, लेल्या. रविवारी बिसेर्काला तसं सांगते. मी इथेच राहणार, आणि पुढच्या गुरुवारपासून हाक मी घालणार."