गावतळ्यावरचा गालिचा

मित्रांनो, मी एक जुनी जलपर्णी आहे. कागलजवळच्या एका गावतळ्यातून मला यंत्राने उपसले आणि आता मी काठावरच्या ढिगात वाळते आहे. माझे आयुष्य अभिमानाने सांगावे असे नाही. ज्यांनी ते लाजेने सांगायला हवे होते, त्यांना हल्ली सत्कारांतून सवड मिळत नाही. म्हणून मीच सांगते.

आमचे कूळ परदेशातले. जांभळ्या फुलांच्या शोभेसाठी आम्हाला इथे आणले गेले. आमचा देठ हवेने फुगलेला असतो, त्याच्या बळावर आम्ही तरंगतो. मुळे पिसांसारखी पाण्यात लोंबतात. रोपाच्या कुशीतून आडवा धुमारा निघतो, त्याच्या टोकाला लेक जन्मते, आणि ती आईचा हात न सोडताच आपल्या लेकी वाढवते. आमच्यात कोणी सासरी जात नाही.

या गावात मला सरपंच गणपतरावांनी टेम्पोतून आणले. सुंदर गाव स्पर्धेची समिती येणार होती, आणि नुसते पाणी गणपतरावांना दरिद्री वाटत होते. पण स्वच्छ पाण्यात माझी उपासमार झाली, पाने पिवळी पडली. तेव्हा पाहुण्याला पंगतीला बसवावे तसे त्यांनी गावाचे गटारच तळ्यात वळवले.

तानाबाई आपल्या एकुलत्या एका म्हशीला, चांदीला, रोज तिथे डुंबायला आणत. त्या काठावर उभ्या राहिल्या.

"गणपतराव, ही घाण कशापायी पाण्यात सोडलीसा?"

"खत हाय ते, तानाक्का. फुलं कशी येत्यात बघा की."

"फुलं पिळून दूध निघतंय व्हय? माझी चांदी कुठं डुंबायची?"

"समिती जाऊ दे. मग काढतो की सगळं."

मी गटारावर पोसले आणि फुलले. समितीतील एक विद्वान म्हणाले, "पाण्यावर गालिचाच घातलाय तुम्ही." गावाला पुरस्कार मिळाला. माझ्या सावलीखाली मासे गुदमरत होते. तिकडे डोकावण्याची तरतूद बहुधा गुणपत्रिकेत नसावी. समिती गेली, आणि पुरस्कार मिळवून देणारा गालिचा कोण उचलणार? चांदीचे डुंबणे तेवढे बंद झाले. तानाबाई तिला बादलीने धूत राहिल्या.

दिवाळीचा पाडवा आला. कोल्हापूरकडे या दिवशी म्हशींना न्हाऊ घालतात, शिंगे रंगवतात, मोरपिसे बांधतात आणि वाजतगाजत मिरवतात. बादलीच्या पाण्याने का कुठे सणाचे न्हाणे होते? तानाबाईंनी चांदीला तळ्यावर आणले. काठाजवळची थोडी जागा त्यांनी हाताने मोकळी केली होती. पण पुढची हिरवाई पाहून चांदीने हिसडा दिला. तिला मी चारा वाटले. चरत चरत ती आत शिरली आणि पायाखालचा उतार संपला.

म्हैस पोहते, मित्रांनो. पण पोहायला पाणी लागते. माझी मुळे तिच्या पायांत गुंतली, आमच्या लेकीबाळींचा थर तिच्या पाठीवर सरकला. बाजूला व्हावे असे मला फार वाटले. परंतु एकमेकींना धरून ठेवण्यापलीकडे आम्हाला काही येत नाही. माणसांनी कासरा ओढून तिला बाहेर आणले, तेव्हा ती हलत नव्हती.

तानाबाईंनी तिच्या शिंगांत अडकलेली माझी फुले एकेक करून काढली. "शिंगांचा रंग घरात कालवून ठिवलाय," एवढेच त्या म्हणाल्या. त्या हातांत असताना मला कळले की आपण सुंदर असणे ही किती लाजिरवाणी गोष्ट आहे.

दुसऱ्या दिवशी चावडीवर गाव जमले. गणपतरावांनी मान खाली घातली. "चुकलं, तानाक्का," ते म्हणाले. गालिच्यापुढे उभे राहून फोटो काढून घेतलेल्या सगळ्यांनीच माना खाली घातल्या. मग यंत्र आले आणि आम्हाला उपसून गेले. तळे मोकळे झाले, लोक समाधानाने घरी गेले. गटार मात्र आजही तळ्यातच येते. ते वळवण्याचे कोणाला सुचले नाही.

आता आमच्या कुळातली एक गोष्ट सांगते, ती नीट ऐका. फूल कोमेजले की आमचा दांडा वाकतो आणि मान पाण्यात जाते. पाहणाऱ्याला वाटते, बिचारी शरमली. प्रत्यक्षात त्याच वेळी आम्ही खाली बी सोडत असतो, आणि ते गाळात वर्षानुवर्षे जिवंत राहते.

म्हणून मित्रांनो, पाण्याची काळजी घ्यायची असेल तर खाली घातलेल्या मानेवर विसंबू नका. आधी गटार कुठे जाते ते पाहा.