दोनवर टाळी

मित्रांनो, मला हातात घेणार असाल तर आधी हात कोरडे करा आणि मला कडेने धरा. माझ्या अंगावर बोट टेकवलेत तर ते तपकिरी होईल. मग तुम्ही ते सहज पुसून टाकाल, पण तो कोणाचा तरी आवाज असेल.

मी एक जुने रीळ आहे. तुमच्या घरी कपाटात पडलेल्या कॅसेटमधले चिमुकले नव्हे, तर जेवणाच्या ताटाएवढे मोठे. माझ्यावरची टेप दोन-तीन बोटे रुंद आहे. प्लास्टिकच्या लांबलचक पट्टीवर गंजासारखी बारीक पूड गोंदात कालवून पसरली, की आमचा जन्म होतो. त्या पुडीला आवाज धरून ठेवता येतो. माझ्या वेळचा गोंद मात्र कच्चा होता आणि पुढे तो दगा देणार होता. हे तेव्हा कारखान्यात कोणालाच ठाऊक नव्हते, मग मला कुठून असणार?

मला फिलाडेल्फिया शहरातल्या एका स्टुडिओत आणले. साल १९७४. त्या वर्षी शहराला नाचण्याशिवाय दुसरे सुचत नव्हते. न्हाव्याच्या दुकानात, चाकांच्या बुटांवर घसरायच्या मोठ्या हॉलमध्ये, उन्हाळ्यात घरांच्या पायऱ्यांवर, जिथे पाहावे तिथे ड्रम आणि बेस गिटार ऐकू येई. त्यावर व्हायोलिनांचा थर चढवायची आमच्या गावाची रीत होती. आमच्या स्टुडिओचे मालक मिस्टर क्लेबर्न यांना तर व्हायोलिनांशिवाय गाणे म्हणजे साखर न घातलेला चहा वाटे.

माझ्या अंगावर उभ्या पट्ट्या आखल्यासारख्या असतात. ड्रमच्या पट्ट्या वेगळ्या, बेसची वेगळी, गाणाऱ्याची वेगळी. त्यामुळे एक पट्टी पुसून तिथे दुसरा आवाज भरता येतो आणि बाकीच्यांना धक्का लागत नाही. निदान तसे समजत तरी होते.

माझ्यावर पहिले गाणे भरायला आली व्हर्लीन टिब्स. ती शाळेच्या स्वयंपाकघरात कामाला होती आणि रविवारी चर्चमध्ये गात असे. ड्रम वाजवणारा लेम हा तिच्याच चर्चमधला. त्यानेच तिला मिस्टर क्लेबर्नकडे आणले होते. ते तिला म्हणाले होते, आज वादकांना चाल कळावी म्हणून कच्चे गा, आणि चांगले जमले तर हे गाणे तुझेच. या एका वाक्यावर ती आठवडाभर तरंगत होती, असे लेम सांगे.

त्या दिवशी तिच्या बहिणीची कामाची पाळी बदलली, म्हणून व्हर्लीन आपल्या चार वर्षांच्या मुलीला, रोशेलला, सोबत घेऊन आली. मुलीला पियानोखाली घडी घातलेल्या कोटावर बसवले, हातात प्रेट्झेलचा खारा पाव दिला आणि तोंडातून आवाज काढायचा नाही असे बजावले.

मग भांडण झाले. गाणाऱ्यासाठी काचेआड एक छोटी खोली होती. व्हर्लीन तिच्यात डोकावली आणि बाहेर आली.

"या कपाटात मी नाही गायची," ती म्हणाली. "चर्चमध्ये मी कधी काचेआडून गायलेय का? मला लेमचे खांदे दिसले पाहिजेत. ते हलले की मला कळतं कुठे जायचं ते."

"अगं, तुझा आवाज ड्रमच्या माइकमध्ये शिरेल," मिस्टर क्लेबर्न म्हणाले.

"शिरू दे की. कच्चंच आहे म्हणता ना तुम्ही?"

लेम हसला आणि त्याने काठ्या उचलल्या. मिस्टर क्लेबर्ननी कपाळाला हात लावला आणि व्हर्लीन ड्रमसमोर उभी राहून गायली.

मित्रांनो, नंतर माझ्यावर पुष्कळ आवाज आले. असा एकही नव्हता. गाण्याच्या मध्यावर बाकीची वाद्ये थांबली, ड्रम तेवढे उरले, तेव्हा पियानोखालून टाळी ऐकू आली. रोशेलच्याने राहवले नव्हते. पण टाळी चुकत होती. व्हर्लीनच्या चर्चमधल्या लोकांत चार मोजताना टाळी दोनवर आणि चारवर पडते. ते त्यांना कोणी शिकवावे लागत नाही, आणि जो एकवर टाळी देतो तो थट्टेचा धनी होतो. रोशेल एकवर टाळी देत होती. व्हर्लीन गाता गाता हसली, आणि तालातच तिला काहीतरी म्हणाली. ते शब्द मी तुम्हाला आत्ताच सांगणार नाही. दुसरा कोणी असता तर वाजवणे थांबवले असते. लेम थांबला नाही, उलट त्याने हात हलका केला, आणि त्याच्या आयुष्यातले सर्वांत सुरेख वाजवणे तेव्हाच झाले.

पुढच्या आठवड्यात व्हायोलिने आली, ट्रम्पेटसारखी फुंकवाद्ये आली. आणि मग लोरेटा फेन आली. ती तेव्हा नावाजलेली गायिका होती आणि तिला नवे गाणे हवे होते. मिस्टर क्लेबर्ननी व्हर्लीनची पट्टी पुसायला सांगितली. पुसताना काही दुखत नाही. एवढेच होते की गाणे जिथून जात असते तिथून फक्त थंडी जाऊ लागते, आणि मग त्या थंड जागेत कोणीतरी नवे येऊन बसते.

रेकॉर्ड ऐकायला मिळेल म्हणून व्हर्लीन रताळ्याचे गोड सारण भरलेली पोळी भाजून घेऊन आली. यंत्र सुरू झाले आणि लोरेटाचा आवाज आला. व्हर्लीनने तो शेवटपर्यंत ऐकला.

"मिस्टर क्लेबर्न, माझं गाणं कुठे गेलं?"

"तुझंच आहे गं ते. पण लोकांना नाव लागतं. पुढचं तुला नक्की."

तिने टेबलावरची पोळी उचलली, पुन्हा फडक्यात बांधली आणि रोशेलचा हात धरून निघून गेली. तिथल्या कोणालाही तिने तुकडा दिला नाही. मला ते फार आवडले.

तीन वर्षांनी व्हर्लीन हृदयाच्या आजाराने गेली. पुढचे गाणे आलेच नव्हते. रोशेलला मावशीने वाढवले.

त्याच सुमारास नाचघरांना लांब गाणी हवी झाली. नाचणाऱ्यांना मधला, नुसत्या ड्रमचा भाग जास्त वेळ हवा असे. मिस्टर क्लेबर्ननी मला पेटीतून काढले आणि मध्यावर व्हायोलिने बंद केली, फुंकवाद्ये बंद केली, लोरेटा बंद केली. ड्रम उरले. आणि ड्रमच्या मागून, दुसऱ्या खोलीतून यावे तसे, एक बाई हसली.

मिस्टर क्लेबर्न खुर्चीतून उठले. त्यांनी पुसलेली पट्टी तपासली. तिच्यावर लोरेटाशिवाय काहीच नव्हते. मग त्यांना तो दिवस आठवला असावा, कारण त्यांचा चेहरा उतरला. व्हर्लीन काचेआडच्या खोलीत गायली असती तर पुरती पुसली गेली असती. ती ड्रमसमोर उभी राहिली होती, म्हणून लेमच्या प्रत्येक ठोक्याला चिकटून राहिली होती. तिला काढायचे तर ड्रम काढावे लागले असते, आणि तसे ड्रम पुन्हा कोणाला जमणार नव्हते.

ते गाणे तसेच निघाले आणि खूप चालले. नाचघरांत लोक त्या जागेची वाट बघत. शब्द कळत नसत. एक श्वास, एक हसू, आणि चुकल्यासारखी पुसट टाळी, बस्स. त्या जागेला लोकांनी नाव दिले होते 'बाई'. आता बाई येईल, असे एकमेकांना सांगून ते पाय आवरत. कोण आहे ती, असे मिस्टर क्लेबर्नना विचारले की ते यंत्राचा दोष सांगत. रोशेल मोठी झाली, चाकांचे बूट घालून मैत्रिणींबरोबर घसरू लागली. हे गाणे लागले की नेमकी त्या जागी ती कठड्याला धरून उभी राही. अंगावर काटा येतो, एवढेच ती सांगे. का येतो ते तिला माहीत नव्हते.

मग नाच ओसरला. मला तळघरात ठेवले. आमच्यासारख्या रिळांचा एक दोष आहे. गुंडाळून ठेवले की एका थरातला आवाज पलीकडच्या थरात झिरपतो, आणि वाजवताना खऱ्या आवाजाच्या आधीच त्याची सावली ऐकू येते. म्हणून जाणते लोक आम्हाला वाजवून झाल्यावर उलटे गुंडाळत नाहीत. शेवट बाहेर ठेवून तसेच पेटीत घालतात, म्हणजे सावली मागून येते आणि आवाजाखाली झाकली जाते. मलाही तसेच ठेवले होते. अंधारात वर्षानुवर्षे व्हर्लीन माझ्या एका थरातून दुसऱ्यात हसत राहिली. मी कोणाला सांगणार होते? पुढे वरची नळी फुटली, मी भिजले, आणि माझा गोंद चिकट होऊ लागला. तेव्हा मला पहिल्यांदा भीती वाटली.

ती इमारत पाडायची ठरली, तेव्हा म्हातारा लेम चर्चची गाडी घेऊन आला. माझ्या पेटीवर लोरेटाचे नाव होते, तरी त्याने मला शोधून काढले आणि घरी नेऊन हिवाळ्याच्या कोटांमागे ठेवले. रोशेलला त्याने कित्येक वर्षे काही सांगितले नाही. आत काही उरले नसेल तर पोरीची आई दुसऱ्यांदा जाईल, असे तो स्वतःशीच म्हणे.

शेवटी चर्चच्या एका जेवणात, तळलेल्या माशाचे ताट पुढ्यात घेऊन बसलेली रोशेल त्याला बोलून गेली. तिची पन्नाशी उलटली होती.

"लेमकाका, आईचा चेहरा फोटोत आहे. पण ती बोलायची कशी, ते मला आठवत नाही. आठवायला गेले की मावशीचाच आवाज येतो."

लेमने जेवण तसेच टाकले आणि कोटांमागून मला काढले.

जुनी रिळे जपणारे एक गृहस्थ होते, मिस्टर ओकार. त्यांनी मला फळे सुकवायच्या यंत्रात मंद आचेवर ठेवले. असे केले की गोंद थोडा वेळ धरतो. मग त्यांनी मला उजेडात पाहिले आणि काही लपवले नाही. मी आता एकदाच फिरेन, असे ते म्हणाले. आणि माझा शेवट बाहेर असल्यामुळे आधी उलटे गुंडाळावे लागेल, पण गुंडाळण्यातच सगळी पूड निघून जाईल. उपाय एकच होता. मला जसे आहे तसे, शेवटाकडून सुरुवातीकडे वाजवायचे, सगळ्या पट्ट्या एकदम संगणकात उतरवून घ्यायच्या आणि तिथे उलट्याचे सुलटे करायचे.

"आणि नाही उतरलं तर?" रोशेलने विचारले.

मिस्टर ओकारनी मला यंत्रावर चढवले. लेमने तिचा हात धरला आणि ती म्हणाली, "चालू करा."

मी फिरू लागले. मला उलटे कधी कोणी वाजवले नव्हते. ठोके आत ओढल्यासारखे येत होते. यंत्राच्या कडेवर तपकिरी पूड साचू लागली; मी उतरत होते, मित्रांनो, आणि मला ते कळत होते. मध्य आला. व्हर्लीन आली, पण शब्द उलटे होते, आणि हसू श्वास आत घ्यावा तसे. रोशेल त्या आवाजाकडे बघत राहिली. तिला काहीच ओळखता येत नव्हते. तिच्या डोळ्यांतले पाणी खाली आले, आणि मला त्या वेळी काहीच करता येत नव्हते. मग टेप संपली आणि तिचे टोक पट पट करत फिरत राहिले.

मिस्टर ओकारनी आधी यंत्र पुसले. त्यांच्या फडक्यावर मी होते. मग त्यांनी संगणकात सगळे सुलटे केले, ड्रमच्या पट्ट्या तेवढ्या ठेवल्या, ठोके दाबून त्यांच्यामागचा आवाज वर आणला आणि मधली जागा लावली.

लेमचे ठोके. एक लहान टाळी, चुकलेली. एक हसू. आणि स्वच्छ, तालात, कामावरून दमून आलेल्या बाईचा खेळकर आवाज:

"एकवर नाही, रोशेल. दोनवर, बाळा. ऐक, दोनवर."

माझे स्वतःचे गाणे मी तेव्हा पहिल्यांदा बाहेरून ऐकले. लेम मान खाली घालून खांदे हलवत होता.

मी आता जवळजवळ कोरे आहे. तरीही रोशेलने मला टाकले नाही. फोटोशेजारी माझी पेटी आहे आणि तिच्यावर तिने व्हर्लीनचे नाव लिहिले आहे. तुमच्या घरातही माझ्यासारखे कोणीतरी पडले असेल. वर दुसऱ्याचे नाव आहे म्हणून फेकू नका, आणि वेळ मिळेल तेव्हा ऐकू म्हणून ठेवूही नका. आमचा गोंद थांबत नाही.

रोशेल रोज संध्याकाळी ती जागा लावते. दोनवर टाळी कशी द्यायची हे तिला आता चांगलेच माहीत आहे, सगळे आयुष्य ती तशीच देत आली. पण गाणे लागले की ती मुद्दाम एकवर टाळी देते आणि थांबते, आणि आई तिला चूक सांगते.