इस्त्री केलेला पुरावा

गाडी रुळांवरून घसरली तेव्हा माझा मामा खिडकीत हात ठेवून फलाटावरच्या माणसांच्या पँटी शिवताना कुठे चुकल्यात ते बघत होता. खिडकीचं लोखंडी शटर खाली आलं आणि उजव्या हाताचा अंगठा आणि पहिलं बोट गेलं. रेल्वेने खेद व्यक्त केला. तो मामाला टपालाने मिळाला, पोच सही करून.

मामा टेलर. उरलेल्या तीन बोटांनी त्याला टाटा करता येत होता, शिवता येत नव्हतं. भरपाई मिळाली नाही तर दुकान सोडावं लागणार होतं.

भरपाईच्या कोर्टात अवयवांचा तक्ता असतो. मामाने तो शिलाईच्या दरांसारखा वाचला.

"कानाला बोटापेक्षा जास्त? कानाने कोण काज करतं?"

"मामा, तू तक्त्यावर भांडायला आलेला नाहीस."

"कापड कमी पडलं तर बोलायचं नाही का?"

बोटं गेली हे रेल्वेला मान्य होतं, तक्त्यात होती ना. वाद होता धंदा बुडाल्याच्या भरपाईचा. आमच्या वकिलाने एकच काम सांगितलं, "अपघातातला शर्ट आणा. आहे तसा. न्यायाधीशांना बघून गलबलून आलं पाहिजे."

पण मामाचा नियम आहे. टेलरच्या घरातून फाटका शर्ट बाहेर पडत नाही. न्यायाधीशापुढे तर नाहीच नाही.

तारखेला वकिलाने पिशवी उघडली. आत धुतलेला, कडक इस्त्रीचा शर्ट निघाला. बाहीवर वीतभर फाटलं होतं तिथे असा रफू, की कारकुनाने आधी दुसरीच बाही तपासली. न्यायाधीशांना गलबलून वगैरे काही आलं नाही. त्यांनी कापडाचा भाव विचारला.

रेल्वेचा वकील मात्र शर्टाच्या प्रेमात पडला.

"रफू कुठे केला?"

"घरीच," मामा म्हणाला.

"अपघातानंतर?"

"मग काय आधी? आधी फाटलेला कुठे होता?"

आमच्या वकिलाने डोळे मिटून घेतले.

"साहेब, याहून चांगलं काम दहा बोटांचा माणूस करून दाखवेल?" रेल्वेचा वकील म्हणाला. "बोटं गेली असतील. धंदा जागेवर आहे."

मामाने एकदा शर्टाकडे बघितलं, एकदा मागच्या बाकावर बसलेल्या मामीकडे. इथे एक सांगायला हवं. "हिला साधं बटण लावता येत नाही" हे मामाचं आवडतं वाक्य. गिऱ्हाइकांना, व्याह्यांना, माझ्या लग्नात तर माइकवरून त्याने ते ऐकवलेलं. मामी दर वेळी हसायची. आजही तिच्या चेहऱ्यावर तेच हसू होतं, आणि तिला अजिबात घाई नव्हती.

"हिने केला," मामा पुटपुटला.

"मोठ्याने बोला," कारकून म्हणाला. "लिहून घ्यायचंय."

"बायकोने केला. बारीक काम सगळं तीच करते. मी दुपारी झोपतो तेव्हा. तीस वर्षं."

"बत्तीस," मागून मामी म्हणाली.

"बत्तीस लिहा."

रेल्वेच्या वकिलाला लॉटरी लागल्यासारखं झालं. "मग तर प्रश्नच मिटला साहेब. बाई शिवतात, दुकान चालतंय, नुकसान शून्य."

मामी उठली. "साहेब, माझे हात त्या गाडीत नव्हते. घरी होते, कणीक मळत होते. त्यांचा हिशोब रेल्वेने कशाला करायचा? आणि माझ्या दोन हातांनी मी माझं काम करीन की यांचंही?"

न्यायाधीशांनी तक्ता चाळला. बायकोच्या हातांचा रकाना त्यात नव्हता. त्यांनी पुन्हा एकदा बाहीवरून बोट फिरवलं आणि धंद्याच्या नुकसानीसकट दावा मंजूर केला.

बाहेर पायऱ्यांवर रेल्वेच्या वकिलाने आम्हाला गाठलं. मला वाटलं अपील करतोय. त्याने काळ्या कोटाचं कोपर पुढे केलं, तिथून पांढरा शर्ट डोकावत होता.

"हे होईल का?"

सवयीने मामाने तीन बोटांत कापड धरायचा प्रयत्न केला. ते निसटलं. त्याने हात खिशात घातला आणि मान मामीकडे वळवली.

"हिला दाखवा," तो म्हणाला. "बटणंसुद्धा लावते."