वहिनींचं पोट

वहिनी पडल्या तेव्हा मी दुकानात एका गिऱ्हाइकाच्या चष्म्याची काच घासत होतो. खालच्या मजल्यावरच्या काकूंचा फोन आला, "अरे, तुझ्या वहिनी स्टुलावरून पडल्यात. उठता येत नाहीये त्यांना." काच तशीच मशीनवर सोडून मी पळालो.

वहिनी घरीच शाळेचे गणवेश शिवतात. वरच्या फळीवरून कापडाचा तागा काढताना स्टूल सरकलं आणि त्या पाठीवर आपटल्या. कण्यातला एक मणका चेपला. ऑपरेशन लागणार नाही, पण सहा आठवडे अंथरुणातून हलायचं नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. कूस बदलायची तीसुद्धा ओंडका लोटावा तशी, सरळच्या सरळ. दुखण्यावर कडक गोळ्या दिल्या आणि त्यांच्या जोडीला एक दाटसर गोड औषध.

"या गोळ्यांनी पोट साफ होत नाही," नर्स म्हणाली. "हे रोज झोपताना दोन चमचे. विसरू नका."

मी विसरलो नाही. रोज छोट्या पेल्यात दोन चमचे ओतून तो त्यांच्या हाताशी ठेवायचो, आणि खोलीतून बाहेर पडायचो.

माझा थोरला भाऊ, दादा, मालवाहू जहाजावर इंजिनाच्या कामाला आहे. त्याला घरी यायला दोन महिने अवकाश होता. दादा-वहिनींना मूलबाळ नाही. मी बिनलग्नाचा, शेहेचाळीस वर्षांचा, मागच्या खोलीत राहणारा दीर. वहिनी आणि मी चौदा वर्षं एका छपराखाली काढली. थट्टा भरपूर चालायची. "भाऊजी, अख्ख्या जगाला चष्मे लावता, आणि स्वतःसाठी एक मुलगी दिसत नाही तुम्हाला!" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. पण विंचरायला केस मोकळे सोडलेले असतील तर त्या माझ्यासमोर येत नसत. काही गोष्टी आमच्यात न बोलता ठरलेल्या होत्या.

सकाळी दोन तास एक मदतनीस बाई यायची. अंग पुसणं, कपडे बदलणं, बेडपॅन देणं हे सगळं ती बघायची. गोळ्या आणि जेवण माझ्याकडे. हॉस्पिटलने एक तक्ता दिला होता, त्यात रोज लिहायचं: ताप, दुखणं, जेवण, शौच. पहिले तीन प्रश्न मी नीट विचारायचो. चौथा आला की पेनाच्या टोपणाशी चाळा करत म्हणायचो, "आणि बाकी सगळं?"

"ठीक," वहिनी छताकडे बघत म्हणायच्या.

मी बरोबरची खूण करायचो. सुटलो, असंच वाटायचं.

नवव्या दिवशी बाईची मुलगी बाळंतपणाला आली आणि बाईने रजा घेतली. जाताना ती दारात घुटमळली. "त्यांना पाणी पाजत जा, भाऊ. चिमणीसारखं पितात. आणि पॅन दिलं की नको नको म्हणतात." मी मान हलवली. दुसरी बाई मिळेना, म्हणून काकू सकाळ-संध्याकाळ वर येऊ लागल्या. त्यांचे गुडघे धरलेले. एक जिना चढायला दहा मिनिटं, आणि वर आल्यावर दहा मिनिटं खुर्चीत बसून धापा. त्यांना बघून वहिनी आणखीच कमी पाणी पिऊ लागल्या. ताटातलं अर्धं परत यायचं. मग पाऊण. "भूकच नाही," म्हणायच्या. अंथरुणावर पडलेल्या माणसाला कुठून लागणार भूक, अशी मी माझी समजूत घातली.

चौदाव्या दिवशी दुपारी मी जेवण घेऊन आत गेलो आणि दारातच थबकलो. वास आला होता. वहिनींनी चादर तोंडावरून ओढून घेतली होती.

"भाऊजी, आत येऊ नका," चादरीतून आवाज आला. "काकूंना बोलवा. मला कळलंच नाही कधी झालं ते."

काकू आल्या, त्यांनी कपडे बदलले. मी न्हाणीत बसून चादर धुतली. संध्याकाळी पुन्हा तेच. दुसऱ्या दिवशी तीनदा. तिसऱ्या वेळी काकूंना जिना चढवेना. मी खालच्या पायरीवर उभा राहून वर बघत होतो आणि वरून वहिनींचं दबक्या आवाजातलं रडणं येत होतं. चाळीस मिनिटं त्या तशाच पडून होत्या. मी आत जाऊ शकत होतो. गेलो नाही.

"जुलाब लागलेत," काकू म्हणाल्या. "जा, काहीतरी घेऊन ये."

औषधाच्या दुकानात मी सांगितलं, घरी जुलाब लागलेत. दुकानदाराने एक पाकीट पुढे केलं. "आत्ता दोन द्या, मग दर वेळी एक." आणखी कुठल्या गोळ्या चालू आहेत का, हे त्याने विचारलं नाही, मी सांगितलं नाही. घरी येऊन दोन गोळ्या दिल्या. गोड औषध तर पोट साफ करणारंच, म्हणून ते बंद केलं. रात्रीपर्यंत सगळं थांबलं. दुसऱ्या दिवशी मी दुकानाच्या मालकांना अभिमानाने सांगितलं, "वहिनींचं पोट आणलं एकदाचं ताळ्यावर."

सतराव्या दिवशी सकाळी त्यांना उलटी झाली. चहाचीही नव्हती, नुसतं हिरवट पाणी. पांघरुणावरूनसुद्धा पोट वर आलेलं दिसत होतं. लघवीही होईना. नेमका दादाचा फोन आला. मी घडाघडा बोलत सुटलो.

"तिला दे," तो म्हणाला.

मी फोन वहिनींच्या कानाशी धरला. "अहो, काही नाही हो," त्या म्हणाल्या. "भाऊजी उगाच घाबरतात." आणि बोलता बोलता पुन्हा ओकल्या. पलीकडे दादा ओरडत होता, "धाकट्या! काय होतंय? अरे, काय होतंय?" समुद्रातून त्याचा आवाज तुटत तुटत येत होता. मी फोन बंद केला आणि अॅम्ब्युलन्स बोलावली.

हॉस्पिटलमधली डॉक्टर वयाने लहान होती, पण शब्द चघळणारी नव्हती. तिने एक्स-रे उजेडावर धरला. डावीकडे खालून वरपर्यंत गोळेच गोळे दिसत होते.

"हा सगळा मळ आहे," ती म्हणाली. "आतड्यात साचून पार दगड झालाय. खाली त्याचं बूच बसलंय. लघवीही त्यानेच अडलीय."

"पण त्यांना तर जुलाब होत होते."

"जुलाब नव्हते ते. अडलेल्या मळाच्या कडेने पातळ झिरपत होतं. तेवढीच वाट उरली होती. काही दिलंत का त्याच्यावर?"

मी खिशातलं पाकीट काढून दाखवलं. तिने ते वाचलं आणि परत माझ्या हातात ठेवलं. त्यापेक्षा दोन शिव्या परवडल्या असत्या.

मग ती वहिनींकडे वळली. "शेवटचं साफ कधी झालं होतं?"

वहिनींनी भिंतीकडे तोंड केलं. "पडले त्याच्या आदल्या दिवशी."

"आणि औषध?"

"चूळ भरायच्या भांड्यात ओतायचे," वहिनी म्हणाल्या. "पोट साफ झालं असतं तर कुणीतरी काढायला नको का? घरात बाईमाणूस नाही."

तक्त्यावर सतरा खुणा होत्या. सगळ्या माझ्या हातच्या.

बोटांनी फोडून काढण्यावाचून गत्यंतर नव्हतं. पाठ मोडलेली, त्यामुळे कुशीवर वळवून धरायला दोन माणसं हवीत, आणि नर्सजवळ एकच आया होती. नर्सने मला विचारलं, "तुम्ही कोण यांचे?"

"दीर."

ती घुटमळली. वहिनी म्हणाल्या, "त्यांना बाहेर पाठवा." नर्सने इकडेतिकडे पाहिलं, आणखी कुणी येत नव्हतं. "ताई, थांबण्यासारखं नाही हो," ती म्हणाली.

मी समोरून त्यांचे खांदे धरले आणि खिडकीच्या कडीवर नजर रोवली. सुरुवातीला त्या दात आवळून होत्या. मग माझ्या सदऱ्याची कॉलर त्यांच्या मुठीत आली आणि त्या ओरडल्या. माणूस असं ओरडू शकतं हे मला ठाऊक नव्हतं. "झालं, ताई, झालं," नर्स म्हणत होती, आणि झालेलं नव्हतं. अर्धा तास मी खांदे धरून उभा होतो. माझ्या हातात तेवढंच होतं.

पुढचे चार दिवस एनिमा, पुन्हा एक्स-रे, पुन्हा एनिमा. पाचव्या दिवशी डॉक्टर म्हणाली, आतडं मोकळं झालंय, पण ताणून ताणून सैल पडलंय. भरलं तरी त्यांना कळत नाही. कळायला महिने जातील. पूर्ववत होईल का, ते तिला सांगता येईना. तोवर दर दोन दिवसांनी घरी एनिमा द्यायचा. "कोण देणार?"

मी बायकांची चौकशी केली. दोघी तयार झाल्या. वहिनींनी दोघींना नाही म्हटलं.

"का?" मी विचारलं.

"रोज नव्या माणसासमोर उघडं पडू?" त्या म्हणाल्या. "एकाने बघितलंय ते पुरे."

नर्सने मला शिकवलं. जे माझ्यापासून लपवायला त्या उपाशी राहिल्या, तेच आता दर दोन दिवसांनी माझ्याच हातून होऊ लागलं. मी विचारायचो, "दुखतंय?" त्या म्हणायच्या, "करा." संपलं की त्या डोळे मिटून घ्यायच्या आणि मी बादली घेऊन बाहेर. चष्म्यावरून थट्टा त्यांनी पुन्हा केली नाही. मीही कधी विषय काढला नाही. स्वयंपाकघरात हात धुताना वाटायचं, सवय होईल. मला थोडी झाली. त्यांना नाही.

दादा आला तेव्हा वहिनी पट्टा बांधून काठीने चालू लागल्या होत्या. पोट मात्र तसंच होतं. तो दोन दिवस त्यांच्या उशाशी बसून राहिला. मला एकदाच म्हणाला, "सतरा दिवस, धाकट्या? सतरा दिवस तुला कळलं नाही?"

तिसऱ्या दिवशी एनिमाची पाळी होती. दादा म्हणाला, "आता मी आहे ना. तू दुकानात जा." मी त्याला सगळं दाखवलं: पाणी किती कोमट, नळी किती आत, कुठे थांबायचं. त्याने नीट ऐकून घेतलं. इंजिनं खोलून बसवणारा माणूस, त्याला काय अवघड? मी चपला घातल्या, पण जिन्यातच रेंगाळलो.

पाच मिनिटांत आतून वहिनींचा आवाज आला, दुखल्यावर येतो तसा. दार उघडलं. दादा बाहेर आला, हात कोपरापर्यंत ओले, चेहरा पांढराफटक. माझ्याकडे न बघता तो स्वयंपाकघरात गेला आणि नळ सोडून नुसता उभा राहिला.

"भाऊजी गेले का?" वहिनींनी आतून विचारलं.

"नाही," मी म्हणालो. चपला काढल्या, बाह्या वर केल्या आणि आत गेलो. त्यांनी तोंड भिंतीकडे वळवलं होतं.