अंगाइतकी ऊब

"अहो, याला ताप आलाय," बायको म्हणाली आणि तिनं हात झटकन मागं घेतला.

ती खुर्चीत बसवलेल्या पुतळ्याची कॉलर सारखी करायला गेली होती. पुतळेवाले शेडच्या दुसऱ्या टोकाला पुतळ्याच्या एका सुट्या पायावर रंगाचा हात फिरवत होते. ते हसले.

"ताप नाही गं. तुझ्यामाझ्या अंगात असते तेवढीच ऊब आहे. पोटात विजेची तार आहे आणि तारेभोवती मेण. एकदा तापलं की लवकर निवत नाही."

"निदान आधी सांगायचं तरी."

तिनं पुन्हा बोट लावलं. आधी गालाला, मग मनगटाला, नाडी बघतात तसं. तिथं काहीच लागेना. ती उगाचच पदराला हात पुसून आत गेली.

पुतळेवाल्यांची सगळी उमेद कापडदुकानांचे पुतळे करण्यात गेली होती. चेहरे साच्यातले, सगळे सारखे, जरा आखडूच. हात मात्र बायकोचे. लग्नाच्या पहिल्या वर्षी त्यांनी तिचे हात ओल्या प्लास्टरमध्ये धरून ठेवले होते. ती हसून हसून बेजार झाली आणि उजवी करंगळी जराशी वाकडी आली. पुढं गावभरच्या काचांमागं ती वाकडी करंगळी दिसू लागली. बाजारातून जाताना बायको म्हणायची, "नटायला ह्या, आणि भांडी घासायला मी."

मग बाहेरून तयार माल यायला लागला. हलका, स्वस्त, बिनडोक्याचा. दुकानदार म्हणाले, डोकं नसलं तरी कपडा खपतो. शेडमध्ये न विकलेले पुतळे भिंतीकडे तोंड करून उभे राहिले.

एका यंत्रांच्या कंपनीचे साहेब आले ते त्याच दिवसांत. साहेब म्हणजे तरुण माणूस, बोलायला गोड, बूट काढून आत येणारा.

"काका, आमचं यंत्र वरून उडतं आणि माणूस शोधतं," तो म्हणाला. "धूर असो, अंधार असो, त्याला अंगाची ऊब दिसते. लोकांना ते दाखवायचं तर माणसं लागतात. खरी माणसं उन्हात किती वेळ बसवणार?"

"म्हणजे ढिगाऱ्याखाली अडकलेल्यांना वगैरे शोधायला?"

"शोधणं हेच तर काम आहे," साहेब म्हणाला आणि चहा छान झालाय म्हणाला.

पुतळेवाल्यांना तेवढं उत्तर पुरलं. त्यांनी खोदून विचारलं नाही.

त्या थंडीत शेड उबदार राहिली. दोघं कपड्यांच्या बोचक्यातून जुने सदरे, झगे, स्वेटर निवडायची. बायको ते पुतळ्यांच्या मापानं टाचायची. तपासायला तापवून ठेवलेल्या पुतळ्यांच्या घोळक्यात शिवणयंत्र ओढून ती दुपारभर बसे. मुलगा परदेशी गेल्यापासून तिला घर खायला उठायचं. इथं कुणीतरी असल्यासारखं वाटे. टक्कल असलेल्याला ती मास्तर म्हणे, आडव्या झोपवलेल्याला आळशी. ट्रक आला की म्हणे, "जा, नीट जा."

गेलेला पुतळा कधी परत आला नाही.

"दुरुस्तीला एखादा तरी आणा की," पुतळेवाले एकदा ट्रकवाल्याला म्हणाले.

ट्रकवाल्यानं दोर आवळता आवळता त्यांच्याकडे पाहिलं. "दुरुस्तीसारखं काही उरत नाही, दादा," तो म्हणाला.

उन्हाळ्याच्या तोंडाशी साहेबाचा फोन आला. एका बसलेल्या बाईच्या पुतळ्याला ऊब येईना. पाहुणे आलेत, तुम्हीच येऊन बघा. पुतळेवाले हत्यारांची पिशवी घेऊन ट्रकवाल्याशेजारी बसले आणि गावाबाहेरच्या मैदानावर गेले.

मैदान म्हणजे कुंपण घातलेलं माळरान. मधोमध एक घर बांधलं होतं. दारं होती, खिडक्या होत्या, पण आत राहायची तयारी कुणी केली नव्हती. लांब पांढरा मांडव होता आणि त्याच्या सावलीत देशोदेशीचे पाहुणे. गळ्यात ओळखपत्रं, कानात दुभाष्याची यंत्रं, हातात गार पाण्याचे ग्लास.

"ते दाढीवाले आणि त्या टोकाचे चष्मेवाले दिसतात का?" ट्रकवाला हळूच म्हणाला. "दोघांच्या देशांची आपापसांत लढाई चाललीय. दोघांनाही हेच यंत्र हवंय. म्हणून लांब लांब बसवलंय."

दाढीवाल्यांच्या देशाचं नाव ऐकून पुतळेवाले चमकले. त्यांचा मुलगा तिथंच इमारतींच्या लिफ्ट दुरुस्त करत होता. फोनवर तो नेहमी म्हणे, लढाई सीमेवर आहे, इथं काही नाही. पुतळेवाल्यांना राहवलं नाही. ते मांडवाच्या कडेनं गेले आणि दुभाष्याला म्हणाले, "यांना सांगा, आमचा मुलगा यांच्याच देशात असतो."

दुभाष्यानं सांगितलं. दाढीवाल्या पाहुण्यांनी उठून पुतळेवाल्यांचा हात हातात घेतला. हात चांगला उबदार होता.

"म्हणतात, मग तुम्ही आमचेच झालात," दुभाषी म्हणाला.

घरात गेल्यावर पुतळेवाल्यांना आपलंच काम ओळखीचं वाटेना. मास्तर टेबलाशी बसले होते. आळशी खाटेवर होता. खिडकीशी ती बाई, मांडीवर हात ठेवून. बायकोनं तिला निळं स्वेटर घातलं होतं. शेडमध्ये हे सगळे पुतळे होते. इथं मात्र जेवण आटोपून जरा टेकलेल्या माणसांसारखे दिसत होते, आणि आपण न विचारता कुणाच्या घरात शिरलो, असं पुतळेवाल्यांना झालं.

ते बाईच्या पाठीमागं गुडघ्यांवर बसले. तार एका ठिकाणी निसटली होती. ती जोडून त्यांनी पाठीला तळहात लावला. हळूहळू ऊब यायला लागली.

तेवढ्यात वर भुणभुण ऐकू आली.

आत माणूस आहे हे यंत्र चालवणाऱ्याला कुणी सांगितलंच नव्हतं, हे त्यांना मागाहून कळलं. यंत्र खिडकीसमोर येऊन थांबलं. टोपलीएवढं, काळं. पुढं एक भिंग होतं, ते सावकाश इकडून तिकडं वळत होतं. मास्तरांवर थांबलं, आळशावर थांबलं. मग खिडकीशी आलं. पुतळेवाले ओरडू शकले असते. हात हलवू शकले असते. पण बाईच्या पाठीवर हात ठेवून ते तिच्यासारखेच बसून राहिले. श्वास घेतला तर हललो असं होईल की काय, एवढाच विचार डोक्यात होता. हाताखालची पाठ गरम होत चालली होती. शेजारी कुणीतरी जिवंत आहे असं त्यांना वाटलं आणि त्या वाटण्याचाच त्यांना आधार झाला.

यंत्र निघून गेलं.

ते पिशवी उचलून मांडवात आले. साहेबाचा चेहरा आधी पांढरा पडला, मग पाहुणे बघताहेत म्हणून हसरा झाला. "काका, तुम्ही आत होता? बघा, सगळं आलंय इथं." त्यानं पडद्यावर चित्र लावलं. काळ्या खोलीत पांढरे आकार होते. प्रत्येकाभोवती लाल चौकट.

"यातले तुम्ही कुठले, सांगा बघू."

पुतळेवाल्यांनी वाकून पाहिलं. खिडकीशी दोन आकार एकमेकांना चिकटलेले. त्यांनी एकावर बोट ठेवलं.

"अहो, ती तुमची बाई," साहेब म्हणाला.

मांडवात हसू पसरलं. कुणीतरी टाळ्या वाजवल्या. पुतळेवाल्यांच्या कामासाठीच त्या टाळ्या होत्या.

पुढं झालं ते फार मोठं नव्हतं. यंत्र परत आलं, खिडकीतून आत गेलं आणि जाड पुस्तक फरशीवर पडावं तेवढा आवाज आला. पडद्यावरचे आकार फुटले. पांढरं भिंतींवर उडालं, जमिनीवर पसरलं आणि कडेकडेनं करडं होत गेलं. पाहुणे ते निवताना शेवटपर्यंत बघत होते.

चष्मेवाल्या पाहुण्यांनी दुभाष्याला काही विचारलं.

"ते म्हणतात, याहून लहान मिळेल का? मुलाच्या मापाचं. झोपलेलं. यंत्राला तेही ओळखता यायला हवं."

"ओळखून ते सोडायचं ना?" पुतळेवाल्यांनी विचारलं.

दुभाष्यानं हे पुढं सांगितलं नाही. साहेबच म्हणाला, "काका, होईल ना तेवढं?"

पुतळेवाल्यांनी जन्मात गिऱ्हाइकाला नाही म्हटलं नव्हतं. तोंडातून शब्द सवयीनंच गेला. "होईल."

परतताना त्यांनी पडक्या खिडकीखालून एक वस्तू उचलून पिशवीत घातली. घरी आल्यावर ती टेबलावर ठेवली. मनगटापासून तुटलेला उजवा हात. बायकोनं तो ओळखला. त्याच्याशेजारी तिनं आपला हात ठेवला. आता तिच्या हातावर शिरा उठल्या होत्या, पण करंगळी तशीच होती, वाकडी ठेवायची सवयच लागली होती तिला.

"हे शोधायचं यंत्र?" तिनं विचारलं.

"शोधतं. मग मारतं."

तिनं आपला हात टेबलावरून काढून घेतला.

लहान पुतळा त्यांनी केला. करायचा नाही असं रोज सकाळी ठरवत आणि शब्द दिलाय म्हणून रोज हात मातीला लागत. बायकोनं त्याला पट्ट्यापट्ट्यांची विजार शिवली, पण या वेळी नाव काही ठेवलं नाही. पुतळा कुशीवर झोपलेला होता, एक हात गालाखाली. तो तापवून ठेवला त्या दिवशी बायको बराच वेळ दारातून बघत राहिली.

"माप कुणाचं घेतलंत?"

"कुणाचं नाही. अंदाजानं केलं."

"असा गालाखाली हात घालून आपला मुलगा झोपायचा," ती म्हणाली.

पुतळेवाल्यांच्या ते लक्षातच आलं नव्हतं.

ट्रक यायचा त्या दिवशी सकाळी मुलाचा फोन आला. खाणंपिणं, काम, थकलो, नेहमीचंच बोलणं. मग तो सहज म्हणाला, "हल्ली इथंही वर काहीतरी भुणभुणतं, बाबा. खिडकीशी येऊन थांबतं आणि जातं. काही करत नाही."

"मग तू काय करतोस?"

"काय करणार? हलत नाही."

पुतळेवाल्यांनी फोन बायकोच्या हातात दिला आणि ते शेडमध्ये जाऊन उभे राहिले.

दुपारी ट्रकवाला दोर घेऊन आला. बायको दारात होती. ती बाजूला सरली नाही.

"वहिनी, माल न्यायचाय."

"नाही देत."

ट्रकवाल्यानं तिच्या खांद्यावरून आत पाहिलं. खाटेवर पांघरूण घेतलेला आकार होता. त्यानं आवाज आपोआप खाली आणला. "साहेबांना काय सांगू, दादा?"

"सांगा, माझ्याच्यानं होत नाही," पुतळेवाले आतून म्हणाले. "दिलेले आगाऊ पैसे मी पोचते करतो. पुढचं कामही नको."

"ते दुसऱ्याकडून करून घेतील."

"घेतीलच."

ट्रकवाला जरा घुटमळला. मग दोर गुंडाळून खांद्यावर टाकला आणि रिकामा ट्रक घेऊन गेला.

पुतळेवाल्यांनी भिंतीवरचं बटण बंद केलं. लवकर निवावं म्हणून ते पांघरूण काढायला वाकले, तशी बायकोनं त्यांचं मनगट धरलं.

"असू द्या. निवेल तेव्हा निवेल."

दोघं खाटेच्या दोन बाजूंना बसली. बाहेर कुणी सायकलची घंटी वाजवत गेलं. बायको मधूनमधून पांघरुणाखाली हात घालून बघे. आधी पाय गार पडले, मग हात. संध्याकाळ झाली तेव्हा कपाळ अजून कोमट होतं.