सात हात रेशीम

तुकोजीरावांच्या आज्यानं तंजावरच्या महाराजांवर छत्री धरली होती. पुढं राज्य गेलं, महाराज गेले, इंग्रजाचा कलेक्टर आला, छत्रीची काडीसुद्धा उरली नाही; पण तुकोजीरावांचा हात आपला वर तो वरच! कुंभकोणातलं त्यांचं घर तीन खणांचं, अन् घरातला गोषा मात्र अख्ख्या राजवाड्याचा. बायकोचं नखही परक्या पुरुषाला दिसता कामा नये, असा दंडक. आता या दंडकाला काय म्हणावं? ज्याच्या अंगणात धड तुळस जगत नव्हती, तो माणूस आब जगवायला निघाला होता.

ही बायको म्हणजे सुंदरी. गेले तीन महिने तिचं डोकं घणाचे घाव बसावेत तसं ठणकत होतं. घागर उचलली की डोळ्यांपुढं काजवे चमकत, छातीत धडधडे. आणि तिची पाचावर धारण बसली होती ती या दुखण्यापेक्षा आठवणीनं. तिची थोरली बहीण वत्सला, जवळच्याच तिरुनीलक्कुडी गावी दिलेली. तिलाही हेच झालं होतं. डोकं, काजवे, धडधड. एके सकाळी चुलीपुढं बसल्या बसल्या कलंडली ती पुन्हा उठलीच नाही.

"मला इस्पितळात न्या हो," सुंदरी नवऱ्याला म्हणे. "वत्सलाक्कासारखं नाही मरायचं मला."

"इस्पितळात डॉक्टर हात धरतो," तुकोजीराव म्हणत. "आपल्या घराण्यात बायकांचा हात एकदाच धरतात. वैद्य आहेत ना!"

वैद्य होते चंद्रमौळी. कुंभकोणातल्या आणि आसपासच्या मराठी घरांची नाडी पिढ्यान्‌पिढ्या त्यांच्याकडं. रीत अशी, की पडद्याआड बाईच्या मनगटाला रेशमी दोरा बांधायचा, तो सात हात लांब पडद्याखालून बाहेर यायचा, आणि वैद्यांनी त्याचं टोक तीन बोटांखाली दाबून डोळे मिटायचे. मग मान डोलावून म्हणायचं, "हंसगती! कफाची नाडी. मंद, राजस. भिण्याचं कारण नाही." वत्सलेचीही हंसगती. सुंदरीचीही हंसगती. सगळ्या गावच्या बायकांच्या अंगात हंसच हंस! वर आल्याचा काढा, बाटलीभर.

या हंसाच्या तळ्यात दगड टाकला तो कृष्णमूर्तींनी. हे तुकोजीरावांचे थोरले चुलत भाऊ, म्हणजे सुंदरीचे थोरले भावोजी. तेव्हा त्यांच्यापुढंही तिनं येणं नाहीच. कॉलेजात मुलांना विजेचे प्रयोग दाखवायचं त्यांचं काम. त्यामुळं जगात त्यांना बॅटरी आणि तार सोडून तिसरं काही दिसत नसे.

"हृदय म्हणजे बॅटरी, रक्त म्हणजे प्रवाह, शिरा म्हणजे तारा," ते बैठकीत हात नाचवत सांगू लागले. "तार आवळली की रोध वाढतो. रोध वाढला की बॅटरी जीव खाऊन ढकलते. मग डोकं ठणकेल नाही तर काय! आणि हा तुमचा दोरा? सात हात रेशीम! यात ठोक्याची लाट शिरली तर वाटेतच विरून जाते. वैद्यबुवा, तुमच्या बोटांखाली लागते ना, ती तुमची स्वतःचीच नाडी हो!"

चंद्रमौळी उसळले. "म्हणजे चाळीस वर्षं मी माझाच रोग ओळखतोय?"

"रोग तुमचा ओळखलात. काढा मात्र बायकांनी प्याला."

पडद्याआड सुंदरीला हसू फुटलं, आणि हसता हसता डोकं असं उसळलं की ती भिंतीला टेकली.

कृष्णमूर्तींनी यंत्र आणलं. टेलिफोनचं बोलायचं तोंड, आत कोळशाचे कण. ते मनगटावर बांधायचं. ठोका बसला की कण दाबले जातात, त्यांचा रोध कमी होतो, तारेतून प्रवाह जास्त धावतो, त्यानं एक चिमुकला आरसा वळतो, आणि आरशावरचा दिव्याचा कवडसा भिंतीवर उडी घेतो. वीस विद्यार्थ्यांच्या मनगटांवर त्यांनी ते आधी लावून पाहिलं होतं. धडधाकट माणसाची उडी जिथवर जाते, तिथं कोळशाची रेघ मारायची. कवडसा रेघेच्या वर गेला, तर आजच्या आज इस्पितळ.

कुणी हात धरत नाही म्हटल्यावर तुकोजीराव खूश. "शब्द दिला!" ते छाती काढून म्हणाले. "छत्रीवाल्यांचा शब्द!"

भर दुपारी खिडक्या लावल्या. आत अलमेलु मोलकरणीनं सुंदरीच्या मनगटावर यंत्र बांधलं. बैठकीच्या भिंतीवर कवडसा एकदा थरथरला, आणि उडाला मात्र, तुकोजीराव किंचाळले, "बंद करा! माझ्या बायकोची नाडी भर बैठकीत नाचतेय, अन् दोन परपुरुष बघतायत!"

"अरे, तो नुसता उजेड आहे!"

"कुणाचा उजेड?"

झालं! उजेडालाच गोषात घातलं. दिवा आत गेला, आरसा आत गेला. सुंदरीला तेवढा वेळ स्वयंपाकघरात बसवून, आतल्या भिंतीवर रेघ मारून कृष्णमूर्ती बाहेर आले, आणि मध्ये तुकोजीरावांचं सणावाराचं जरीचं धोतर आडवं टांगलं. कवडसा बघून सांगायचं काम अलमेलुचं. सुंदरीही आतच होती, पण रोग्यानं आपला रोग डोळ्यांनी बघावा, हे तिघांपैकी एकाच्याही टाळक्यात आलं नाही.

ती बघत होती. आयुष्यात पहिल्यांदा आपलं काळीज भिंतीवर बघत होती. कवडसा रेघ ओलांडून वीतभर वर जाई, खाली आपटे, पुन्हा वर. बाहेर तुकोजीराव खाकरले, तसा तो आणखी चार बोटं उडाला. अगं बाई, म्हणजे खरंच! पण त्या भीतीतही तिला बरं वाटलं. इतके दिवस नवरा ज्याला सोंग सोंग म्हणत होता ते सोंग नव्हतं. आता नेतील.

"अलमेलु, कवडसा कुठं आहे?" बाहेरून कृष्णमूर्तींची हाक आली.

अलमेलुनं भिंतीकडं पाहिलं, मग जमिनीकडं. "खाली, ऐया. रेघेच्या चार बोटं खाली."

"हंसगती!" चंद्रमौळी ओरडले.

"बघा, मी म्हणत नव्हतो? नखरे सगळे!" तुकोजीरावांचा आवाज कसा फुलला होता.

अलमेलुनं पदराचा बोळा तोंडात कोंबला होता. "मघाशी धोतर आणताना मागच्या दारी आपल्या ऐयांनी बजावलं," ती पुटपुटली. "उजेड वर गेला तर घराची अब्रू रस्त्यावर, अन् माझ्या पोटावर पाय. मी काय करू, अम्मा?"

चुलीपुढं कलंडलेली वत्सला सुंदरीच्या डोळ्यांपुढं आली. ती उठली आणि धोतर खसकन ओढलं. त्याबरोबर तार तुटली, कवडसा विझला. दाखवायला आता पुरावाही उरला नाही.

कृष्णमूर्तींनी घाईघाईनं पाठ फिरवली. तुकोजीरावांनी तर स्वतःचेच डोळे झाकून घेतले. चंद्रमौळी पाटावर होते, त्यांना उठायला सवड झाली नाही. सुंदरीनं उघडा हात त्यांच्यापुढं धरला.

"वैद्यमामा, दोरा नको. धरा."

म्हाताऱ्यानं एकदा तुकोजीरावांकडं पाहिलं, एकदा हाताकडं. मग तीन बोटं टेकवली. विद्या खोटी नव्हती हो त्यांची, बोटंही जाणती होती. मध्ये सात हात रेशीम होतं एवढंच. बघता बघता त्यांचा चेहरा उतरला.

"हा हंस नव्हे," ते म्हणाले. बोटं उचलली नाहीत. "वत्सलेचीही अशीच असेल. मी तिचा हात कधी धरलाच नाही."

तुकोजीराव अजून डोळे झाकूनच होते.

"गाडी जोडा, तुकोजी," वैद्यच म्हणाले. "काढ्याचं काम नाही हे."

"आधी गाडीला पडदा!" म्हणत तुकोजीराव धोतर घेऊन धावले. सुंदरी उघड्या गाडीत चढून बसली होती. बाजारातली माणसं थांबून बघत होती.

"पडदा राहू द्या. ऊन फार आहे," ती म्हणाली. "धरायचंच असेल तर छत्री धरा."

लोक बघतायत म्हटल्यावर करतात काय! छत्रीवाल्यांचा नातू छत्री उघडून गाडीबरोबर चालू लागला. वैद्यांनी मात्र इस्पितळाच्या दारापर्यंत तिचं मनगट सोडलं नाही.