धुतलेली सहस्रकरा

शिशिरातली दुपार होती. हिमशिखरांवरून उतरलेले सौम्य ऊन करडईच्या केशरी फुलांवरून, मोहरीच्या पीतवर्ण वाफ्यांवरून ओघळत श्वेतपुरीच्या वेशीपाशी आले आणि तिथे एकाएकी फिके पडले. श्वेतपुरीत सारेच पांढरे होते. पांढरे प्रासाद, पांढरे पथ, पांढरी कबुतरे. पंखावर करडा ठिपका दिसला तर राजाचे सेवक त्या कबुतराला हाकलून देत. अशा नगराचे मला मुळीच कौतुक नाही, हे आधीच सांगून टाकतो.

वेशीवर एक म्हातारी उभी होती. निर्गुडाई तिचे नाव. दूरच्या काजळखोऱ्यातून अकरा दिवस चालून ती आली होती. खोऱ्याची वीणा राजाने आपल्या उत्सवासाठी महिन्याच्या बोलीवर मागून नेली होती. महिना सरला होता. दरबारात वीणा एकदा वाजवायची आणि घरी न्यायची, एवढ्यासाठीच ती आली होती.

द्वारपालाने पाण्याची झारी पुढे केली. "आजी, हात धुवा."

"पाय धुती. हात न्हाई धुवायचं," ती म्हणाली. "आज तिला हात लावायचाय."

सकाळी वेशीबाहेर तीन दगड मांडून तिने भाकरी भाजली होती. तेलाने, राखेने माखलेला तो हात तिने पदराखाली झाकला आणि ती आत शिरली.

त्या वीणेचे नाव सहस्रकरा. हजार हातांची. शिवणीच्या लाकडाची, चारशे वर्षांची, घनश्याम, मेघमंद्र. खोऱ्याचा रिवाज असा, की सुगीच्या दिवशी प्रत्येकाने कामावरून उठून थेट यावे आणि न धुतलेला हात तिच्या अंगावर ठेवावा. कुंभाराने मातीचा, लोहाराने काजळीचा, गुराख्याने शेणाचा. धुतलेल्या हाताला ती ओळखत नसे. ठसा अंगावर असेपर्यंत ओळखलेला हात ती विसरत नसे. माणूस मातीआड झाला, तरी त्याच्या ठशावर बोट टेकवून तार छेडली की त्याचा आवाज उमटे. खाकरणारा खाकरे, गाणारी गाई, भांडखोर भांडे. मरण नावाचे वैर त्या खोऱ्याने असे अर्ध्यावर आणून ठेवले होते.

डाव्या खुंटीखाली पुरीएवढा एक ठसा होता. ज्वारीच्या पिठाचा, तेलकट. निर्गुडाईच्या लेकीचा, तिळीचा. ती सात वर्षांची होती. त्याच सुगीनंतर ती तापाने गेली. त्याला चाळीस वर्षे झाली. चाळीस वर्षे निर्गुडाई सांजेला त्या ठशावर बोट टेकवी, तार छेडी, आणि तिळी हसे. हसताना तिळीला उचकी लागायची. तारही उचकी देई. एवढ्यावर एक बाई चाळीस वर्षे जगली.

दरबारात रुपेरी चौरंगावर सहस्रकरा ठेवली होती.

पांढरी. शुभ्र. नवजात.

निर्गुडाईला आधी वाटले, ही दुसरीच कुठली वीणा आहे. मग तिने डावी खुंटी पाहिली. खुंटी तीच होती.

"बघा आजी, कशी लख्ख झालीय!" कलाभांडाराचा अधिकारी हौसेने पुढे आला. "रिठ्याचा फेस, लिंबाच्या फोडी, नारळाचा काथ्या. दहा माणसं तीन दिवस घासत होती. केवढा मळ होता अंगावर!"

मळ! चारशे वर्षांच्या माणसांना त्याने मळ म्हटले. त्यांना मोरीत घासले, त्यांना पन्हाळीतून वाहून दिले आणि वर शाबासकीसाठी मान पुढे केली. राग येऊ नये तर काय यावे?

निर्गुडाई वीणेपाशी बसली. डाव्या खुंटीखाली तिने अलगद बोट टेकवले आणि तार छेडली.

स्वर उमटला. निर्मळ, निष्कलंक, नितळ. त्यात कुणी हसले नाही. उचकी लागली नाही. तिने पुन्हा छेडली. तिसऱ्यांदा छेडली. तो गोड, पोकळ, अनाथ स्वर पांढऱ्या छताला लागून परत आला.

दरबाराने टाळ्या वाजवल्या. त्या स्वच्छ हातांच्या टाळ्या आठवल्या की आजही माझे डोके फिरते.

"महाराज," निर्गुडाई म्हणाली, "हितं माझी लेक हुती. कुठं टाकली?"

राजा हसला. "आजी, ठसाच तो. दुसरा उमटवता येईल."

तेव्हा ती उठली. पदराखालचा हात बाहेर आला, राखेचा, तेलाचा, अकरा दिवसांच्या वाटेचा. "दुसरा? राजा, दुसरा कुणाचा रं?" असे म्हणून तिने तो सगळ्या ताकदीने वीणेच्या शुभ्र पोटावर मारला.

आणि वीणेने तो हात ओळखला.

तारेला कुणी शिवले नव्हते, तरी ती गरजली. तो राग नव्हता कुठल्या प्रहराचा. तो नुसता राग होता. आईचा. झुंबरे थरथरली, कबुतरे उडाली, राजाने कान झाकले. "पुसा ते!" तो ओरडला. दहा माणसे काथ्या घेऊन धावली. ती घासत राहिली, वीणा गरजत राहिली, आणि काळा पंजा काळाच राहिला.

"घासा की," निर्गुडाई म्हणाली. "आता का जात न्हाई?"

संध्याकाळच्या आत राजाने वीणा परत दिली. हात जोडून दिली, असे लोक सांगतात. मला ते खरे वाटत नाही. तसल्यांना हात जोडता येत नाहीत.

पुढच्या सुगीला खोरे पुन्हा ओळीने आले. मातीचे हात, काजळीचे हात, शेणाचे हात. सहस्रकरा पुन्हा सावळी होऊ लागली, जिवंतांच्या स्पर्शाने, तळव्यामागून तळवा. गेलेले मात्र कुणी परत आले नाही.

डाव्या खुंटीखाली कुणी हात ठेवला नाही. तिथे एक जागा तशीच आहे, पुरीएवढी. निर्गुडाई सांजेला तिथे बोट टेकवते, तार छेडते, आणि ऐकत बसते.

पांढरी जागा. स्वच्छ. अगदी लख्ख.